ढोलांच्या पोटातली फौज

श्रोतेहो, नमस्कार. तमिळ सिनेमातल्या नाचाबद्दल बोलायचं तर सुरुवात 'चंद्रलेखा'च्या ढोलांपासूनच करायला हवी. साल 1948, मद्रासचा जेमिनी स्टुडिओ, निर्माते-दिग्दर्शक एस. एस. वासन.

धाकटा राजपुत्र शशांक गादी बळकावून बसलाय आणि त्याला चंद्रलेखेशी लग्न करायचंय. ती होकार देते, पण अट घालते: आधी ढोलांचा नाच झाला पाहिजे. राजवाड्यासमोर रांगेनं ढोल मांडले जातात, आत माणसं मावतील एवढाले. त्यांच्यावर शेकडो नर्तक-नर्तिका, मधोमध चंद्रलेखा झालेली टी. आर. राजकुमारी. सुमारे 400 नर्तक आणि सहा महिने तालीम, असं सांगतात. नाच संपतो न संपतो तोच ढोलांतून सैनिक बाहेर उसळतात आणि वाड्यावर तुटून पडतात. पुन्हा सांगते, सैनिक ढोलांतच होते! हा नाच काढून टाका, वाडा जिंकताच येणार नाही.

एवढा जमाव तालात ठेवणं अवघड. आवाज सेकंदाला साधारण 340 मीटर जातो. कर्ण्यापासून 34 मीटर मागे उभ्या रांगेला ठेका सेकंदाच्या दहाव्या भागानं उशिरा ऐकू येतो, आणि पडद्यावर ते लगेच दिसतं. म्हणून मागच्यांनी कानावर विसंबायचं नसतं, पुढच्या रांगेच्या खांद्यांवर नजर ठेवायची असते. या मागच्या रांगांची नावं श्रेयनामावलीत यायलाच हवीत, हे माझं ठाम मत आहे.

पुढे 1958 मध्ये 'वंजिकोट्टै वालिबन'मध्ये पद्मिनी आणि वैजयंतीमाला यांची जुगलबंदी झाली. दोघी शास्त्रीय नृत्यात मुरलेल्या, त्यामुळे कॅमेऱ्याला पाय लपवावे लागले नाहीत. 1994 च्या 'कादलन'मध्ये प्रभुदेवाचं 'मुक्काला' आलं. त्यात शेवटी डोकं, हात, पाय गायब होतात आणि नुसते कपडे नाचतात. ती करामत शोभली, कारण त्याआधी त्याचं अख्खं अंग नाचताना आपण पाहिलेलं असतं.

आज पराईच्या, म्हणजे तमिळ डफासारख्या चर्मवाद्याच्या, ठेक्यावरचं कुत्तु, म्हणजे धडाकेबाज लोकढंगाचा नाच, जोरात आहे. ठेका झकास, पण दर दोन-चार मात्रांना कट मारला की पाऊल कुठून उचललं आणि कुठे पडलं, ते कळत नाही. पाय दिसू द्या, श्रोतेहो, पाय! 'मारी 2'मधलं 'राउडी बेबी' पाहताना साई पल्लवीच्या चेहऱ्यावरून नजर खाली आणा आणि एका दमात ती किती पावलं टाकते ते मोजा.