बिबट्याच्या वाटेवरचा कॅमेरा

(दृश्य : मुंबईतली आरे कॉलनी, तिन्हीसांज. पाड्यामागची पायवाट.)

दिवसा या वाटेवरून माणसं जातात, रात्री बिबट्या. उत्तरेला लागूनच संजय गांधी राष्ट्रीय उद्यान, सुमारे १०४ चौरस किलोमीटर. वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ च्या पहिल्या, म्हणजे सर्वाधिक संरक्षणाच्या अनुसूचीतलं हे जनावर वस्तीला खेटून राहतं. त्याला वाचवायचं, तर ते कुठून आणि किती वाजता जातं हे पुराव्यानिशी मांडता यायला हवं. वाइल्डलाइफ फिल्ममेकरचं इथलं खरं काम हेच.

जागा निवडताना आधी वाट वाचायची. खोडावर नखांचे ओरखडे, मऊ मातीत ठसे, वाटेच्या मधोमध विष्ठा. काडीने ती उकलली की बऱ्याचदा आत कुत्र्याचे केस सापडतात.

(दृश्य : झाडाला पट्ट्याने कॅमेरा ट्रॅप, म्हणजे समोरून कोणी गेलं की आपोआप चालू होणारा कॅमेरा, बांधणारे हात.)

वनविभागाची लेखी परवानगी हातात आल्यावरच कॅमेरा बांधायचा. उंची ४० ते ४५ सेंटिमीटर, साधारण गुडघ्याएवढी. त्याहून वर गेला की नुसती पाठ दिसते. भिंगाचं तोंड पूर्व-पश्चिम नको, सकाळ-संध्याकाळचं ऊन थेट आत शिरतं. समोरचं गवत कापायचंच. सेन्सर टिपतो तो उष्णतेतला फरक, त्यामुळे तापलेलं पातं वाऱ्याने हललं तरी कॅमेरा चालू होतो आणि कार्ड रिकाम्या क्लिपांनी भरून जातं. उलट मे महिन्याच्या दुपारी जमीन अंगाइतकीच तापते, तेव्हा समोरून गेलेलं जनावरही निसटतं.

वाटेच्या दोन्ही बाजूंना एकेक कॅमेरा हवा. बिबट्याच्या डाव्या आणि उजव्या कुशीवरचे ठिपके वेगळे असतात. दोन्ही कुशी जुळल्या नाहीत, तर एकच बिबट्या दोनदा मोजला जातो. मात्र कॅमेरे अगदी एकमेकांसमोर नकोत, थोडे तिरके हवेत, नाहीतर एकाच्या उजेडाने दुसऱ्याचं चित्र पांढरं पडतं.

दिवा इन्फ्रारेडच, म्हणजे डोळ्याला जवळजवळ न दिसणाऱ्या उजेडाचा. ८५० नॅनोमीटरचा दिवा अंधारात मंद लाल दिसतो आणि चोराला कॅमेऱ्याचा पत्ता देतो. वस्तीजवळ ९४० चा बरा, पल्ला कमी असला तरी. पावसाळ्यात पेटीच्या रबरावर मातीचा कण राहिला तरी ओल शिरते. पेटी उघडाल तेव्हा रबर पुसा, सिलिका जेलची पुडी बदला. आणि घड्याळ तपासा. वेळ चुकलेली क्लिप पुरावा म्हणून कुचकामी.

आमिष कधीच नाही. कोंबडी बांधून मिळालेलं दृश्य कितीही देखणं असो, त्या जनावराला वस्तीची चटक लावण्याचं पाप कॅमेरावाल्याच्या माथी येतं.

(दृश्य : पाड्यातलं अंगण, लॅपटॉपभोवती जमलेली माणसं.)

चित्रण आधी वनविभागाकडे आणि पाड्यात. बिबट्या कोणत्या वळणावरून जातो हे कळलं, की दिवा कुठे हवा, पोरांना कधी आत घ्यायचं, कचरा कुठून हटवायचा, हे लोकच ठरवतात. समाजमाध्यमांवर टाकण्याआधी फाइलमधले जीपीएसचे आकडे काढायचे; मागे देऊळ किंवा टॉवर दिसत असेल, तर तो भाग कापायचा. कार्डावर माणसंही येतात. पहाटे बाहेर पडलेल्या बायकांच्या क्लिपा तर कोणालाही न दाखवता तिथल्या तिथे पुसायच्या, आणि हे कॅमेरा बांधायच्या आधीच पाड्यात सांगायचं.