जुनं फुटेज आणायचं कुठून? आधी फैजपूरची क्लिप नीट बघा

राम राम मंडळी! जळगाव-धुळ्याकडच्या पोरांचा हमखास प्रश्न असतो, "भाऊ, फैजपूर काँग्रेसवर, म्हणजे काँग्रेसच्या १९३६च्या अधिवेशनावर, डॉक्युमेंटरी करतोय, हे फुटेज चालेल ना?" सोबत यूट्यूबची लिंक. मथळा, ‘फैजपूर १९३६’.

थांबा. आधी क्लिप शेवटपर्यंत बघा. अध्यक्षांची मिरवणूक निघालीय आणि रथात सुभाषबाबू बसलेत? मग ते फैजपूर नाहीच. डिसेंबर १९३६मध्ये सुभाषबाबू इंग्रजांच्या नजरकैदेत होते. फैजपूरचे अध्यक्ष नेहरू. सुभाषबाबूंचं अधिवेशन हरिपुऱ्याचं, फेब्रुवारी १९३८. गल्लत होणारच म्हणा. दोन्ही अधिवेशनं खेड्यातली, दोन्हीकडे सजावटीत चित्रकार नंदलाल बोस यांचा हात, आणि हरिपुराही आपल्याच तापीकाठी!

फैजपूरचं चित्रण हाती लागलं नाही तर फोटो वापरा, वर्तमानपत्रांची कात्रणं वापरा. भलत्याच गर्दीला फैजपूर म्हणून खपवणं ही माझ्या मते सरळ फसवणूक.

आता शोधायचं कुठे? स्वातंत्र्यानंतरच्या सरकारी माहितीपटांसाठी फिल्म्स डिव्हिजन. १९४८ची ही संस्था २०२२मध्ये एनएफडीसीत, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात, विलीन झाली, तेव्हा आता पत्रव्यवहार तिकडेच. जुन्या सिनेमांसाठी पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, १९६४चं. स्वातंत्र्याआधीच्या बातमीपटांसाठी ब्रिटिश पाथेसारखे परदेशी संग्रह. तिथे धुळ्याला ‘धुलिया’ म्हणूनही शोधा.

क्लिप सापडली की संग्रहाकडून स्क्रीनर, म्हणजे नुसती बघायची कच्ची प्रत, येतो. त्यावर वॉटरमार्क आणि टाइमकोड, म्हणजे चित्रावर धावणारे वेळेचे आकडे. एडिट त्यावरच करायचं, नेमके सेकंद ठरले की टाइमकोड कळवायचा, पैसे भरायचे, मग मास्टर, म्हणजे वॉटरमार्क नसलेली चांगली प्रत, मिळते. भाव ठरतो तो किती सेकंद, कुठल्या देशात, किती वर्षं आणि कुठल्या माध्यमात यावर. आणि पोरं नेमकी इथेच अडकतात. फक्त फेस्टिव्हलचा परवाना स्वस्तात घेतात, पुढे ओटीटीवाला दारात आला की संग्रह सांगेल ती किंमत! म्हणून पहिल्याच करारात ओटीटीचा दर लिहून घ्या. आज नाही द्यायचा, फक्त लिहून घ्यायचा.

"पण भाऊ, साठ वर्षं झाली की फुकट ना?" आपल्याकडे प्रदर्शित चित्रपटाचा कॉपीराइट पुढच्या वर्षारंभापासून ६० वर्षं. १९६०चा चित्रपट २०२० संपताना मोकळा झाला. पण प्रिंट ज्याच्या कपाटात, तो कॉपी काढून द्यायचे पैसे मागणारच. शिवाय त्यातल्या गाण्याचा हक्क वेगळा तपासावा लागतो.

आणि गावातला जुना फोटो स्टुडिओ विसरू नका. आखाजी, जत्रा, प्रचारसभा, सगळं व्हीएचएसवर पडलेलं असतं. कॅसेटच्या खिडकीतून टेपवर पांढरी बुरशी दिसली तर व्हीसीआरमध्ये घालू नका. टेप जाईल आणि व्हीसीआरचं टेप वाचणारं हेडही. आधी साफ करून घ्या. शूट कोणी केलं ते विचारा, आणि त्याची लेखी परवानगी त्याच भेटीत घ्या.