तिकीट उलटं करून पाहा

नमस्कार श्रोतेहो.

आमच्या गावच्या एसटी स्टँडबाहेर, रसवंतीला लागून, लॉटरीचा एक स्टॉल होता. घडीचं टेबल, वर ताणलेली दोरी, दोरीला कपड्यांच्या चिमट्यांनी लटकवलेली तिकिटं आणि मागे स्टुलावर बसलेले काका. सगळं गाव त्यांना लॉटरीवाले काकाच म्हणायचं. मी शाळेत गणित शिकवायचो. संध्याकाळची बस हमखास उशिरा यायची, त्यामुळे माझी अर्धी नोकरी त्या टेबलापाशी उभं राहण्यात गेली म्हणायला हरकत नाही.

येणारा प्रत्येक जण एकच विचारायचा, "काका, पहिलं बक्षीस किती?" काका म्हणायचे, "ते तर पुढे ठळक छापलंय. जरा तिकीट उलटं करून वाचा की!" कुणी वाचायचं नाही. मागचा मजकूर इतका बारीक, की चष्मा असूनही भिंग लागावं. पण खेळ कोणता आहे हे तिकिटाच्या मागेच लिहिलेलं असतं. पुढे असतं ते नुसतं चित्र. आज त्या मागच्या बाजूविषयी बोलू.

आधी शब्दांचा गुंता सोडवू. आपण 'लॉटरी' शब्द भलत्याच सैलपणे वापरतो. म्हाडाच्या घरांची लॉटरी, शाळाप्रवेशाची आरटीईची लॉटरी. त्या सोडती आहेत खऱ्या, पण तिथे तिकीट विकत घेऊन पैशाचं बक्षीस मिळवायचं नसतं. म्हाडात अनामत रक्कम भरता, घर लागलं नाही तर ती परत मिळते. सरकारी लॉटरीत दहा रुपये दिले की ते गेले. आणि मंडळाची पन्नास रुपयांची कुपनं, पहिलं बक्षीस मोटरसायकल? त्या प्रकाराबद्दल मी एवढंच सांगेन, की राज्याने चालवलेली किंवा राज्याने परवानगी दिलेली नसेल अशा लॉटरीचं ऑफिस थाटणं हा आपल्याकडे गुन्हा आहे. पूर्वीच्या दंडसंहितेत तसं कलम होतं, आत्ताच्या न्यायसंहितेतही आहे. वर्गणी म्हणून द्यायची तर खुशाल द्या, पण तिला लॉटरी समजू नका.

आता खरी सरकारी लॉटरी. देशात ती पहिल्यांदा केरळने काढली, १९६७ साली. तिकीट एक रुपयाचं, पहिलं बक्षीस पन्नास हजारांचं, आणि सोडत झाली २६ जानेवारी १९६८ला. पाठोपाठ १९६९मध्ये आपली महाराष्ट्र राज्य लॉटरी आली. मुंबईत तेव्हा मटका जोरात होता. लोकांचा पैसा त्या बेकायदा जुगारात जाण्याऐवजी सरकारी तिजोरीत यावा, हा त्यामागचा उघड हेतू होता. हा मटका लक्षात ठेवा, थोड्या वेळाने त्याच्याकडे परत यायचंय.

दोरीला लटकणारं तिकीट म्हणजे पेपर लॉटरी. यात तुम्ही आकडा निवडत नाही, छापून आलेल्या आकड्यांतला एक उचलता. वरती मालिका, खाली क्रमांक, सोडतीची तारीख, किंमत, राज्याचं बोधचिन्ह. ही सोडत साप्ताहिक असते, मासिक असते, नाहीतर बंपर. बंपर म्हणजे सणासुदीची: गुढीपाडवा, गणपती, दिवाळी. तिकीट महाग, बक्षीस दांडगं. १९९८च्या केंद्रीय कायद्याने बंपर सोडतींवर वर्षाला सहाची मर्यादा घातली आहे. त्याच कायद्यात आणखी एक अट आहे, एका लॉटरीची आठवड्यात एकच सोडत.

इथे चौकस श्रोता म्हणेल, "अहो, पण स्टॉलवर तर रोज सोडत असते!" असते ना. गजलक्ष्मी सोम, गजलक्ष्मी मंगळ, गजलक्ष्मी बुध ही नावं ऐकली असतील. वारागणिक नाव वेगळं, म्हणजे कागदावर लॉटरी वेगळी, आणि प्रत्येकीची आठवड्यातून एकच सोडत! नियमाला धक्का नाही आणि स्टॉल रोज चालू. पुढे २०१०च्या नियमांनी एका राज्याच्या सगळ्या योजना मिळून दिवसाला चोवीसच सोडती, असा कठडा घातला. चोवीस! कठडा केवढा उंच बांधलाय ते तुम्हीच बघा.

आता तिकिटामागची माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची ओळ. पहिलं बक्षीस कशातून काढणार? 'विकल्या गेलेल्या तिकिटांतून' की छापलेल्या सगळ्या तिकिटांतून? बऱ्याच बंपरवर 'विकलेल्या तिकिटांतून हमखास' असं छापलेलं असतं. तिथे बक्षीस कुणा ना कुणाच्या घरी जातंच. पण ही ओळ नसेल तर यंत्रावर आलेला क्रमांक न विकलेल्या गठ्ठ्यातही निघू शकतो. दहा लाख तिकिटं छापली आणि पाच लाखच खपली, तर पहिलं बक्षीस कुणालाच न लागण्याची शक्यता निम्मी. काका याला 'बक्षीस सासरी न जाता माहेरीच राहिलं' म्हणायचे.

फळ्यावर मांडायचो तसं एक उदाहरण मांडतो. आकडे माझे आहेत, कुठल्या खऱ्या योजनेचे नाहीत. दहा मालिका, प्रत्येकीत शून्यापासून ९९,९९९पर्यंत एक लाख क्रमांक. म्हणजे दहा लाख तिकिटं, दहा रुपयांचं एक, एकूण एक कोटी. पहिलं बक्षीस दहा लाखांचं, एकच. मग शेवटच्या चार अंकांवर हजार रुपयांची बक्षिसं, त्यासाठी दहा आकडे काढले. आणि शेवटच्या चार अंकांवरच शंभर रुपयांची, त्यासाठी शंभर आकडे.

शेवटचे चार अंक एकच असलेली तिकिटं या दहा लाखांत शंभर निघतात. म्हणजे हजाराची बक्षिसं लागणार एक हजार लोकांना, शंभराची दहा हजारांना. तुम्ही दर आठवड्याला एक तिकीट घेतलंत, तर शंभर रुपयांचं बक्षीस सरासरी शंभर तिकिटांत एकदा, म्हणजे दोनेक वर्षांनी एकदा लागेल. तोवर हजारभर रुपये गेलेले असतील. पण लक्षात कोणता दिवस राहतो? तो शंभर रुपयांचाच! स्टॉलवर लोक परत येतात ते या शंभरामुळे. दहा लाखांचं बक्षीस त्यांनी फक्त पेपरात पाहिलेलं असतं.

आणि ते 'एका नंबराने हुकलं'! काकांच्या टेबलाशी हे मी शेकडो वेळा ऐकलं असेल. निघालं ४५,६७८ आणि हातात ४५,६७९. त्या माणसाचा चेहरा बस चुकल्यासारखा. पण सोडतीच्या यंत्रात प्रत्येक अंकाची चकती वेगळी फिरते. शेवटची चकती आठवर थांबली काय आणि नऊवर थांबली काय, तिला शेजारधर्म ठाऊक नाही. तुमचं ४५,६७९ जितकं लांब होतं, तितकंच दुसऱ्याचं १२,००३. बस अर्ध्या मिनिटाने चुकते, लॉटरी तशी चुकत नाही. हे मी एका गृहस्थांना समजावून सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि ४५,६८० आहे का, असं काकांना विचारलं.

आता मटक्याकडे येऊ. मटक्यात माणूस स्वतः आकडा लावतो. ओपन म्हणजे दिवसाचा पहिला निकाल, क्लोज म्हणजे दुसरा, आणि एकाच अंकावर पैसे. १९९८च्या कायद्यात कलम चारची पहिलीच अट अशी, की आधी जाहीर केलेल्या क्रमांकावर किंवा एकाच अंकावर बक्षीस देता येणार नाही. मी ती अट वाचली तेव्हा मला काकांच्या स्टॉलपलीकडचा पानवाला आठवला. तो एका अंकाचेच पैसे घ्यायचा, तेही कागदाच्या कपट्यावर. सरकारी तिकिटाचा वेष घालून मटका आत येऊ नये, यासाठीच हे दार लावलेलं दिसतं.

दुसरा प्रकार ऑनलाइन लॉटरी. नावावरून वाटतं मोबाइलवरचा खेळ असेल. नाही. २०१०च्या नियमांत त्याची व्याख्या आहे: दुकानातल्या टर्मिनलवर तिकीट काढायचं, आकडा किंवा आकड्यांचा संच तुम्ही सांगायचा, आणि त्याच क्षणी त्याची नोंद मध्यवर्ती संगणकावर व्हायची. आमच्याकडे ही दुकानं आली ती काचेचं दार, आत पंखा आणि भिंतीवर निकालाचा पडदा, अशी. पेपर लॉटरीत तिकीट घेतलं की माणूस घरी जातो आणि सकाळी पेपर बघतो. इथे तो बसून राहतो. आकडा स्वतः निवडलेला असल्यामुळे हरला की त्याला वाटतं, निवड चुकली, पुढच्या वेळी बरोबर निवडू. पत्नीची जन्मतारीख, गाडीचा नंबर, स्वप्नात दिसलेला आकडा, सगळं चालतं. यंत्राला त्यातलं काही कळत नाही. दोन्ही प्रकारांत मला धोक्याचा वाटतो तो हा दुसरा. कारण गणित नव्हे, खुर्ची. दहा रुपयांचं तिकीट घेऊन जाणाऱ्याचं नुकसान दहा रुपयांचं. खुर्चीत बसलेल्याचं नुकसान खिसा रिकामा होईपर्यंत.

ज्यांची मुलं अमेरिकेत आहेत त्यांनी पॉवरबॉलचं नाव ऐकलं असेल. तिथेही आकडे निवडायचे असतात, ६९मधून पाच आणि २६मधून एक. फरक असा, की पहिलं बक्षीस कुणाला लागलं नाही तर ते पुढच्या सोडतीत जमा होतं आणि फुगत जातं. २०२२च्या नोव्हेंबरात ते दोन अब्ज डॉलरच्या वर गेलं होतं. ते लागण्याची शक्यता २९ कोटी २२ लाखांत एक. तिथे नाण्याने खरवडायची तिकिटंही मिळतात. त्यांत सोडतच नसते, निकाल आधीच छापलेला असतो आणि तुम्ही फक्त वरचं आवरण काढता.

आता पैशांचं बोलू. २२ सप्टेंबर २०२५पासून लॉटरीवरचा जीएसटी चाळीस टक्के झाला आहे. तो तिकिटाच्या किमतीतच धरलेला असतो, म्हणजे तुमच्या दहा रुपयांतले दोन रुपये शहाऐंशी पैसे कराचे. सोडत सुरू व्हायच्या आधीच. उरलेल्यात बक्षिसं, छपाई, वितरकाचा आणि विक्रेत्याचा वाटा आणि राज्याची कमाई.

बक्षीस लागलं की दुसरा कर. दहा हजारांवरच्या बक्षिसातून तीस टक्के आयकर आधीच कापून घेतात, आणि हिशेब करताना त्यावर चार टक्के उपकर. सात लाख लागले तर दोन लाख अठरा हजार चारशे गेले, हाती चार लाख एक्याऐंशी हजार सहाशे. तुमचं बाकी उत्पन्न शून्य असलं तरी यात सूट नाही. वर्षभर घेतलेल्या तिकिटांचा खर्चही वजा करू देत नाहीत. केरळच्या ओणम बंपरचं पहिलं बक्षीस पंचवीस कोटींचं. तिथे आधी एजंटाचं दहा टक्के कमिशन निघतं, म्हणजे अडीच कोटी. उरलेल्या साडेबावीस कोटींवर तीस टक्के, पावणेसात कोटी. राहिले पावणेसोळा. मग अधिभार आणि उपकर. पेपरात मथळा मात्र पंचवीस कोटींचाच असतो, आणि दारात येऊन उभे राहणारे नातेवाईक मथळाच वाचून आलेले असतात.

निपाणी-बेळगावकडच्या श्रोत्यांसाठी एक सांगायला हवं. दुसऱ्या राज्याच्या लॉटरीला आपल्या हद्दीत बंदी घालायचा अधिकार राज्यांना १९९८च्या त्याच लॉटरी कायद्याने दिला आहे. कर्नाटकात तर २००७पासून लॉटरीची विक्रीच बंद आहे. त्यामुळे तिथे कुणी तिकीट पुढे केलं तर ते घेऊ नका, मग त्यावर कुठल्याही राज्याचं बोधचिन्ह असो.

तसंच मोबाइलवर 'तुम्हाला पंचवीस लाखांची लॉटरी लागली' असा निरोप आला तर स्वतःला एकच प्रश्न विचारा: तिकीट कुठाय? आणि बक्षीस मिळण्याआधी ते कराचे पैसे मागत असतील तर मघाशी सांगितलेलं आठवा. खरा कर बक्षिसातून कापला जातो, तो तुमच्याकडून आधी मागत नाहीत.

तिकीट घेतलंच असेल तर मागे नाव, पत्ता आणि सही लगेच करा. कारण सहीविना तिकीट ज्याच्या हातात त्याचं. घामाने भिजू देऊ नका, घडी घालू नका. छोटं बक्षीस विक्रेताच देतो, मोठ्यासाठी मूळ तिकीट लॉटरी कार्यालयात न्यावं लागतं, आणि त्याला मुदत असते. केरळात ती तीस दिवसांची आहे. कुणी दावाच केला नाही तर ती रक्कम राज्याची होते.

काकांच्या गल्ल्याखाली बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा होता. त्यात गिऱ्हाइकांनी निकाल न बघताच टाकून दिलेली तिकिटं. फावल्या वेळात ते एकेक काढून जुन्या निकालपत्रकाशी ताडून पाहायचे. एकदा माझ्यासमोर पाचशे रुपयांचं निघालं, मुदत उलटून आठ दिवस झालेलं. त्यांनी ते मला दाखवलं, परत डब्यात टाकलं आणि समोरच्या माणसाला विचारलं, "कोणतं देऊ?"

तुम्ही विचाराल, मास्तर, एवढा हिशेब सांगताय, तुम्ही स्वतः घेता का? घेतो. वर्षातून एक, दिवाळी बंपर, आधी उलटं करून वाचून. आमची ही त्याचे पैसे फटाक्यांच्या खर्चात लिहिते.

नमस्कार.