नेसाच्या खिडकीमागची लेखिका

वेल्सच्या दक्षिण किनाऱ्यावरचं बॅरी आयलंड. चौपाटीलगत नाणी टाकून खेळायच्या यंत्रांची दुकानं आहेत. अशाच एका दुकानात, सुट्टे पैसे देणाऱ्या खिडकीमागे नेसा बसते. काळे कपडे, डोळ्यांभोवती जाड काजळ, चेहरा ढिम्म. कुणीही समोर आलं की खर्जातला ठरलेला प्रश्न: “व्हॉट्स ऑकरिंग?” काय चाललंय?

‘गॅव्हिन अँड स्टेसी’ मालिकेतली ही नेसा रंगवली रूथ जोन्सनं, आणि सहलेखक जेम्स कॉर्डनबरोबर लिहिलीही तिनंच.

रूथचा जन्म 1966चा, ब्रिजेंडचा. वाढली जवळच्याच पोर्थकॉल या समुद्रकाठच्या गावात. तिथल्या शाळेत रॉब ब्रायडनही होता. पुढे मालिकेत ब्रिनकाका झाला, तोच हा. वॉरिक विद्यापीठात नाट्यशिक्षण, मग कार्डिफचं संगीत-नाट्य महाविद्यालय, मग बरीच वर्षं छोट्या-मोठ्या भूमिका. ‘फॅट फ्रेंड्स’ या मालिकेत कॉर्डन भेटला आणि दोघं लिहायला बसले. डोक्यात होती एका लग्नाची एकाच भागाची गोष्ट. बीबीसीनं अख्खी मालिका मागितली. 2007 साली ती बीबीसी थ्री या छोट्या वाहिनीवर सुरू झाली.

तिचं कथानक सांगायला गेलं तर दोन ओळींचं: इंग्लंडमधल्या एसेक्सचा मुलगा, बॅरीची मुलगी, दोन घरं, एक लग्न. पण या लेखनाची खरी ताकद न सांगितलेल्या गोष्टींत आहे. नेसा बँडबरोबरच्या दौऱ्यांचे, नामवंतांबरोबरच्या प्रकरणांचे किस्से अर्ध्या वाक्यात टाकून देते आणि विषय बदलते. ब्रिनकाका आणि त्याचा पुतण्या जेसन मासेमारीच्या सहलीला गेले होते. तिथे नेमकं काय झालं, ते आजतागायत प्रेक्षकांना कळलेलं नाही! विषय निघाला की दोघांचे चेहरे पडतात आणि आपण हसून लोळतो. हसता हसता त्यांची काळजीही वाटते. ही दुहेरी भावना जागवणं फार अवघड आहे, आणि रूथला ते साधतं.

‘स्टेला’ ही पुढची मालिकाही तिचीच. वेल्सच्या खाणपट्ट्यातलं एक काल्पनिक गाव, तिथे लोकांचे कपडे इस्त्री करून देणारी एक आई. 2012 ते 2017 ती चालली.

आणि मग 2018मध्ये आली पहिली कादंबरी, ‘नेव्हर ग्रीनर’. मुळात ही तिनं खूप आधी लिहिलेली चित्रपटाची पटकथा. विनोदी नटीचं पुस्तक म्हणून उघडणाऱ्याला यात नेसा सापडत नाही. तरुणपणी केट आणि विवाहित कॅलम यांचं प्रेमप्रकरण होतं, संपतं. सतरा वर्षांनी दोघं पुन्हा समोरासमोर येतात आणि दोन संसार पणाला लागतात. पटकथेत नजरेवर भागतं. कादंबरीत त्या नजरेमागचा खोटेपणा, अपराधीपणा, घरी परतल्यावरचा आवाज, सगळं लिहावं लागतं. दडवलेल्या गोष्टीचं ओझं हा रूथचा जुनाच विषय. इथे त्याला हशाचा आडोसा नाही, आणि म्हणून ती मला जास्त धीट वाटते.

पुढच्या दोन कादंबऱ्यांपैकी ‘अस थ्री’मध्ये तीन मैत्रिणी आहेत, ‘लव्ह अनटोल्ड’मध्ये एकाच वेल्श घराण्यातल्या चार पिढ्यांच्या बायका.

दरम्यान ‘गॅव्हिन अँड स्टेसी’चा एक धागा लोंबकळत होता. 2019च्या नाताळच्या भागात नेसा गुडघ्यावर बसून स्मिदीला, आपल्या मुलाच्या बापाला, लग्नाचं विचारते. पडदा तिथेच पडला. उत्तरासाठी प्रेक्षक पाच वर्षं थांबले. 2024च्या नाताळच्या रात्री शेवटचा भाग लागला, तेव्हा प्रक्षेपणाच्या वेळीच 1 कोटी 23 लाख लोक टीव्हीसमोर होते. या नेसासाठी 2025मध्ये रूथला बाफ्टा हा ब्रिटिश टीव्हीचा मानाचा पुरस्कार मिळाला.

त्याच वर्षी चौथी कादंबरीही आली, ‘बाय युवर साइड’. तिची नायिका लिंडा एकाकी मेलेल्या माणसांचे नातलग शोधून काढायची नोकरी करते. निवृत्तीआधीचं शेवटचं प्रकरण तिला स्कॉटलंडच्या एका बेटावर घेऊन जातं. मेलेल्या माणसानं मागे काय दडवलं होतं, ते तिला तिथल्या लोकांना विचारत फिरायचंय.