गीझरमधली टक्

ग्वाल्हेरच्या लष्कर भागातली सकाळ. महाराज बाड्यावर धुकं इतकं की समोरची घड्याळंसुद्धा दिसत नाहीयेत, टपरीवाल्याने आत्ता कुठे चहा ठेवलाय, आणि इकडे वाड्यात काकू नळाखाली बोट धरून उभ्या आहेत. कोमट सुद्धा नाही. गीझरचा थर्मोस्टॅट गेलाय.

हा कोपऱ्यातला तांब्याचा बंब बघा. चिंचेने घासलाय, शूटिंगसाठी खास. मधल्या नळीत बंबफोड टाकायची, भोवतीचं पाणी तापायचं, आणि पुरे झालं हे ठरवायची आज्जी, तोटीखाली हात धरून. मग बादलीत विसण. म्हणजे घरातला थर्मोस्टॅट आज्जीच होती.

आता ते काम गीझरच्या ह्या कव्हरखाली होतं. पण कव्हर उघडायच्या आधी एमसीबी, म्हणजे बोर्डातला मेन खटका, खाली पाडायचा, नुसता स्विच नाही, आणि टेस्टर लावून बघायचा, आणि तोच टेस्टर आधी चालू सॉकेटमध्ये लावून बघायचा, कारण टेस्टरच बंद पडलेला असला तर काय. मग वायरींचा मोबाईलवर फोटो. एवढं केलं की अर्धं काम झालंच समजा.

ही सळई ओढून काढली तो थर्मोस्टॅट. पाणी सांडलं नाही, कारण ती एका बंद नळीत बसलेली असते, टाकी रिकामी करावी लागत नाही. आतमध्ये गंमत आहे. बाहेरची नळी पितळेची आणि आतली कांडी इन्व्हार नावाच्या धातूची, लोखंडात ३६ टक्के निकेल. पितळ तापलं की लांब होतं, इन्व्हार जवळजवळ होतच नाही, नळी वाढली की टोकाला जोडलेली कांडी ओढली जाते आणि वरचा पॉइंट सुटतो. टक्. करंट बंद. हा इन्व्हार गियोम नावाच्या शास्त्रज्ञाने १८९६ मध्ये शोधला आणि १९२० मध्ये त्याला फिजिक्सचं नोबेल मिळालं, आणि आपण त्याला बाथरूममध्ये टांगून विसरून गेलोय.

आता हा शॉट आम्ही तीनदा घेतला. पातेल्यात पाणी, त्यात नवा थर्मोस्टॅट, फक्त सळई बुडालेली, डायल साठवर, मल्टीमीटर बीप करतोय, म्हणजे आतला पॉइंट जोडलेला आहे... करतोय... आणि बंद. गॅस बंद केल्यावर पाणी काही डिग्री निवलं की परत बीप. गीझरवरचा लाल दिवा अधूनमधून लागतो-विझतो ना, तो बिघाड नाही, हेच चाललेलं असतं.

बसवताना लांबी जुन्याइतकीच घ्या, अँपिअर कमी नको, सळई तळापर्यंत जाऊ द्या आणि स्क्रू घट्ट. २००० वॉटचा गीझर साधारण पावणेनऊ अँपिअर ओढतो, सैल स्क्रू तापतो आणि असा काळा पडतो, हा जुना बघा. चालू करायच्या आधी गरम पाण्याच्या नळाला भरपूर धार आली पाहिजे, टाकी भरली नसेल तर कॉइल कोरडी जळते.

डायल कुठे ठेवायचा? काकूंनी शेवटपर्यंत फिरवला होता, पाणी लवकर तापावं म्हणून. डायल म्हणजे गॅसचं बटण नव्हे हो, कॉइल तीच दोन हजार वॉटची, ती फिरवल्याने जोरात तापत नाही, फक्त उशिरा थांबते. २५ लिटर पाणी १० वरून ६० डिग्रीला न्यायला पाऊण तासाच्या आत-बाहेर आणि दीड युनिट, ७५ ला न्यायला तासभर आणि जवळपास दोन युनिट. आणि साठवरच्या २५ लिटरमध्ये विसण घातलं की चाळीस डिग्रीचं चाळीसेक लिटर होतं, म्हणजे दोन बादल्या. पंचावन्न ते साठ पुरे. कायम चाळीसवर ठेवून बचत करायची म्हणाल तर तेही नको, कोमट साठलेल्या पाण्यात लीजिओनेला नावाचे जंतू वाढतात. घरात लहान मूल असेल तर बादलीत आधी गार पाणी, मग गरम, कारण साठचं पाणी काही सेकंदांत भाजतं.

टाकीतून निघालेला हा पांढरा चुरा बघा, परातीत. बोअरच्या पाण्याचा क्षार. पाणी जितकं जास्त तापवाल तितका लवकर साचतो, कॉइलवर आणि सळईच्या नळीवर थर बसला की थर्मोस्टॅटला खरी गर्मी कळायला उशीर होतो.

आणि शेजारचं हे लाल बटण म्हणजे कटआऊट. थर्मोस्टॅट चिकटला तर हा तोडतो. पडला तर एकदा दाबून बघा, परत पडला तर कारण शोधा. इथे बरेच मिस्त्री वैतागून म्हणतात, "डायरेक्ट कर देता हूँ," म्हणजे थर्मोस्टॅट आणि कटआऊट वगळून वायर सरळ कॉइलला. नाही म्हणा, सरळ नाही. डायरेक्ट केलेल्या गीझरला थांबवणारं कोणी उरत नाही, वर प्रेशर व्हॉल्व्ह पण जाम असेल तर टाकी फुटते.

एमसीबी वर. लाल दिवा लागला. काकू स्टूलवर बसून वाट बघतायत, हातात टॉवेल.

टक्.