‘मग ती परत का आली?’
(म्युनिकमधील रंगभूमी दिनाच्या मेळाव्यातील भाषण, संपादित)

नमस्कार मंडळी. नटराजाला हार घालून झाला, नांदी झाली. मला मराठी नाटकावर बोलायला सांगितलं होतं, पण गेले दोन आठवडे एक जर्मन नटी माझ्या डोक्यात ठाण मांडून बसली आहे. तिच्याबद्दलच बोलू द्या.

यू-फाइव्ह मेट्रोने लेकीबरोबर घरी येत होते. ‘थेरेझे-गीझे-आले’ अशी स्टेशनाच्या नावाची घोषणा झाली (आले म्हणजे जर्मनमध्ये रस्ता) आणि तिनं विचारलं, “आई, ही बाई कोण गं?” अकरा वर्षं मी त्या स्टेशनावर उतरते. मला सांगता आलं नाही. रात्री वाचायला बसले, भिजवलेली कणीक तशीच राहिली.

थेरेझे गीझे याच म्युनिकची. 1898 चा जन्म, घर ज्यू कापड व्यापाऱ्याचं. आडनाव मूळचं गिफ्ट, म्हणजे जर्मनमध्ये विष. नाटकात आल्यावर ती गीझे झाली. रूप नायिकेचं नव्हतं, तरी 1926 पासून आपल्या काम्मरश्पीले या नाट्यगृहाची ती हुकमी नटी. 1 जानेवारी 1933 ला तिनं एरिका आणि क्लाउस मान या लेखक भावंडांबरोबर होफब्रॉयहाउसजवळ ‘फेफरम्यूले’ नावाचा, राजकीय टोमण्यांचा कॅबरे सुरू केला. फेफरम्यूले म्हणजे मिरी दळायची चक्की. त्याच महिन्यात हिटलर चॅन्सलर झाला. मार्चमध्ये तिनं गाव सोडलं.

चक्की झुरिकमध्ये पुन्हा सुरू झाली आणि युरोपभर हजारावर प्रयोग झाले. ब्रिटिश पासपोर्टसाठी तिनं जॉन हॅम्पसन या इंग्रज लेखकाशी कागदोपत्री लग्नही केलं. मग 1937 मध्ये न्यूयॉर्क. तिथे मात्र प्रयोग पडला. नटी तीच, पण टोमणा इंग्रजीत नेला की त्यातली मिरीच निघून जाई. मला हे वाचताना गलबलून आलं. ‘असा मी असामी’ इथल्या शेजाऱ्यांना समजावून सांगायला आपण कधी ना कधी बसलोच आहोत.

ती झुरिकला परतली. 19 एप्रिल 1941 ला तिथे जर्मन नाटककार ब्रेश्टच्या ‘मदर करेज’चा पहिलावहिला प्रयोग झाला. युद्धाच्या मागे गाडा ओढत सैनिकांना माल विकणारी बाई, आणि तिची तिन्ही मुलं युद्धच खातं. गीझेनं ती अशी उभी केली की लोकांना फक्त आई दिसली. ब्रेश्टला हे खटकलं. युद्धावर नफा कमावणारी व्यापारी बाईही दिसायला हवी म्हणून त्यानं पुढे काही प्रसंग बदलले. ब्रेश्टच्याच नाटकावरून पुलंनी केलेल्या ‘तीन पैशाचा तमाशा’वर टाळ्या वाजवलेल्या आपल्या पिढीला हा ब्रेश्ट परका नाही. 1950 मध्ये त्यानं स्वतः हे नाटक बसवलं. कुठे, तर इथेच, काम्मरश्पीलेत. गाडा ओढायला गीझे.

हे सगळं लेकीला सांगितलं. ती म्हणाली, “ज्यांनी घालवलं त्यांच्याकडे मग ती परत का आली?”

भाषेसाठी, असं मी म्हणाले. नटीचं सगळं कसब जिभेवर असतं, आणि ऐकणारे इथे होते. उत्तर देताना मीच अडखळले. तिला घालवलं होतं, आपण नोकरीसाठी आलो. ही तुलना करायचा आपल्याला हक्क नाही. पण प्रश्न काही जात नाही.

मंडळी, आपण स्वतःला नाटकवेडे म्हणवतो. माक्सिमिलियानस्ट्रासवर पाहुण्यांचे फोटो काढतो, त्याच रस्त्यावर काम्मरश्पीले आहे. आपल्यातले किती जण आत गेले आहेत? मीही गेले नव्हते. आणि पुण्याहून नाटक आलं की तिसऱ्या घंटेला आपण पुढे सरसावून बसतो, मुलं मागच्या रांगेत मोबाइलवर. त्यांना दटावतो. शेजारी बसवून एक वाक्य तरी उलगडून सांगितलं का कधी?

स्विस नाटककार ड्युरेनमाटनं ‘फिजिकर’ हे नाटक या बाईला अर्पण केलं. 1970 मध्ये, सत्तरी ओलांडल्यावर, ती दिग्दर्शक पेटर श्टाइनच्या तरुण मंडळींत बर्लिनला उभी राहिली. 3 मार्च 1975 ला म्युनिकमध्येच गेली. दफन मात्र झुरिकमध्ये.

हेही लेकीला सांगितलं. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, “आई, मी मोठी झाले की कुठे परत येऊ?”

पांघरूण सारखं केलं आणि दिवा मालवला. अजून मी तिला काही सांगितलेलं नाही.