छप्पर भिंतीवर ठेवलेलं की भिंतीला बांधलेलं?

(कोकणातल्या गवंडी, सुतार आणि घरमालकांसमोर दिलेलं व्याख्यान, संपादित)

नमस्कार मंडळी. 3 जून 2020 ला दुपारी निसर्ग चक्रीवादळ अलिबागच्या दक्षिणेला किनाऱ्यावर चढलं. वाऱ्याचा वेग ताशी 110 किलोमीटरच्या वर होता. त्यानंतर आठवड्याभराने मी श्रीवर्धनकडच्या एका घरी गेलो. छप्पर मागच्या सुपारीच्या बागेत उलटं पडलं होतं. वासे, रिपा, पत्रे सगळं एकत्र. वासे ज्या आडव्या लाकडावर टेकतात ते लाकूडसुद्धा, ज्याला तुम्ही वॉलप्लेट म्हणता, वाशांना खिळलेलं तसंच होतं. एक सांधा सुटला नव्हता. मग मी शिडी लावून भिंतीवर चढलो. चिऱ्याची भिंत, एक थर हललेला नाही. माथ्यावरच्या सिमेंटमध्ये त्या लाकडाचा ठसा उमटलेला होता, त्यात लाकडाच्या रेषासुद्धा दिसत होत्या.

सुताराचं काम चोख होतं, गवंड्याचंही चोख होतं. पण लाकूड आणि चिरा यांच्यामध्ये बोल्ट नाही, पट्टी नाही, तारेचा एक वेढासुद्धा नाही. त्या दोन इंचांचं काम कुणाचं, हे कुणी ठरवलंच नव्हतं. आज मी तेवढ्याबद्दलच बोलणार आहे.

तुम्ही म्हणाल, आमच्या आजोबांच्या घरात कुठे बोल्ट होते? बरोबर आहे, नव्हते. तिथे कौलांचं वजन होतं. मंगलोरी कौलं, ओली झाली की आणखी जड, आणि खाली किंजळ, ऐन नाहीतर सागाचे भरभक्कम वासे. सगळं मिळून एका चौरस मीटरला पन्नास-साठ किलो सहज. शिवाय कौलांच्या फटींतून हवा जाते. वादळात कौलं उडतात, फुटतात, पण सांगाडा बहुतेक वेळा जागेवर राहतो. आता कौलं काढून पत्रे घातले. पत्र्याचं वजन चौरस मीटरला पाच-सहा किलो. वजन गेलं, फटी गेल्या, आणि सांधा मात्र आजोबांच्या वेळचाच राहिला. पत्रे घालण्याला माझा विरोध नाही. माकडांनी कौलं फोडून लोकांना जेरीस आणलंय, शाकारायला माणूस मिळत नाही, मला ठाऊक आहे. पण पत्रे घातलेत तर छप्पर बांधायलाच हवं.

वारा छपराला नुसता ढकलत नाही, तो ते वर ओढतो. आढ्यावरून पलीकडे उतरताना वरच्या बाजूने ओढ लागते. त्यात एखादी खिडकी फुटली की आत शिरलेली हवा खालून रेटते. ताशी 120 किलोमीटरच्या वाऱ्याचा दाब चौरस मीटरला सुमारे 67 किलो. वेग दुप्पट झाला तर दाब चौपट होतो. वीस फूट रुंदीचं पत्र्याचं घर घ्या, दर चार फुटांवर एक बोल्ट घ्या. वरची ओढ आणि खालचा रेटा धरून, छपराचं वजन वजा केलं तरी, एका बोल्टच्या वाट्याला तीनशे किलोच्या आसपास ओढ येते. एक चिरा साधारण तीस किलोचा. म्हणजे त्या एका बोल्टने दहा चिरे धरून ठेवायला हवेत! वरच्या एकाच थरात भोक पाडून ठोकलेला बोल्ट वादळात तेवढाच थर घेऊन वर जाईल.

म्हणून भिंतीच्या माथ्यावर, चारही बाजूंनी सलग, सळ्या घालून काँक्रीटचा पट्टा घालावा. भूकंपासाठीही तो लागतोच. सहा इंच जाड, नऊ इंच रुंद धरलात तर चार फुटांत त्याचं वजन शंभर किलो होतं. उरलेला भार खालच्या भिंतीकडून घ्यायचा, म्हणून कोपऱ्यांत पायापासून उभी सळई वर आणून पट्ट्यात वळवायची. बोल्ट काँक्रीट ओलं असतानाच बसवायचे, खालचं टोक वाकवून, सळईखाली अडकवून. काँक्रीट घालण्याच्या दिवशी सुतार हजर पाहिजे. कुठे वासा येणार हे त्यालाच माहीत असतं. पोकळ ब्लॉकची भिंत असेल तर बोल्ट येतो तिथली पोकळी काँक्रीटने भरा. एएसी ब्लॉक, म्हणजे आत हवेचे बारीक बुडबुडे असलेला काँक्रीटचा ब्लॉक, तर इतका हलका की त्याच्या वजनावर भरवसा नकोच.

लाकूड थेट काँक्रीटवर निजवू नका. खाली डांबरी कागदाची पट्टी घाला, नाहीतर भिंतीतली ओल लाकूड पिऊन घेतं आणि वाळवीला वाट मिळते. दहा वर्षांनी बोल्ट शाबूत आणि लाकूड भुगा, असं मी पाहिलंय.

आता वासा. तुम्ही वाशातून तिरका खिळा मारता. वारा वर ओढतो तेव्हा तो खिळा सरळ उपसला जातो. त्याऐवजी जस्त चढवलेली लोखंडी पट्टी वाशावरून घेऊन दोन्ही अंगांनी खालच्या लाकडावर उतरवा आणि तिला बाजूने खिळे मारा. मग ओढ खिळ्याला आडवी लागते, आणि आडवा खिळा उपसून निघत नाही. साधी काळी पट्टी नको, खाऱ्या हवेत ती टिकत नाही.

पडवीचं छप्पर मुख्य छपरापासून सुटं ठेवा. पडवी तीन बाजूंनी उघडी असते, वारा आधी तिच्या पोटात शिरतो. वासे सलग असले तर ती जाताना घराचं छप्पर घेऊन जाते. सुटी असली तर एकटी जाईल.

जुनं घर असेल आणि सगळं एकदम करायला पैसे नसतील, तर वळचण आणि चार कोपरे आधी धरा. तिथे ओढ सगळ्यांत जास्त असते.

इथे मी दोन सांधे करून आणलेत. एक तिरक्या खिळ्याचा, एक पट्टीचा. खालचं लाकूड बाकाला आवळलंय. पहिल्या रांगेतले दोघे पुढे या. आधी हा वासा पहारीने उचला... बघा, किती सहज आला. आता हा दुसरा. जोर लावा, अजून लावा. बाकच उचलला जातोय ना? राहू दे, आता बाकीच्यांनी एकेक करून येऊन पाहा.